बोटवाल्यांची शेवळं

खोली बघायला गेले तेव्हा काय काय विचारायचं याची मी मनात उजळणी करून गेले होते. भाडं किती, पाणी कुठून भरायचं, एकट्या बाईला जागा देता ना. घरमालकांनी दार उघडलं, मला एकदा वरपासून खालपर्यंत बघितलं आणि तेच म्हणाले, "बाई, घसा कसा आहे तुमचा?"

रत्नागिरीत मुलींच्या शाळेत मी नुकतीच लागले होते. मला वाटलं, शिकवणारी बाई म्हणून विचारत असतील. म्हटलं, "चांगला आहे की."

"सुरण खाल्लात, अळू खाल्लंत, तर खवखवतो काय? सुजत-बिजत नाय ना?"

"नाही."

"मग ठीक. सामान आणा."

आणि ते निघून गेले. दार उघडंच, मी पायरीवर, आणि ज्यांच्याशी बोलत होते ते अंगण ओलांडून, कुंपणाचं बेडं ढकलून रस्त्याला लागलेसुद्धा. आतून त्यांच्या बायको पदराला हात पुसत आल्या. "या हो आत. ते असेच. येतील परत, आणि परत जातील."

मी मिरजेकडची. आमच्याकडे माणूस घरी आला की आधी बसतो, मग बोलतो. इथे बसण्याचा प्रश्नच नव्हता.

गावात त्यांना बोटवाले म्हणत. उभा जन्म त्यांनी मालवाहू बोटींवर कुक म्हणून काढला होता आणि आता निवृत्त होऊन घरी आले होते. घर मिरकरवाड्याच्या वरच्या अंगाला, उतारावर. मागच्या पडवीतून बंदरातल्या लाँचींच्या डोलकाठ्या दिसायच्या. वारा तिकडून वळला की बर्फ, डिझेल आणि मासळी यांचा एकत्र वास घरात शिरायचा. सकाळी ते लिलावाला जात. मासळी घ्यायची असो वा नसो, या टोपलीपासून त्या टोपलीपर्यंत फिरून येत. घरात चांगल्या चार खुर्च्या होत्या, पण त्यांतल्या एकीतही त्यांना टेकलेलं मी पाहिलं नाही. ताट डाव्या हातावर घेऊन, स्वयंपाकघर ते पडवी अशा खेपा घालत ते जेवत. पेपर मागच्या अंगणात फिरत वाचत आणि वारा आला की पेपरवरच चिडत.

केस कापायला मात्र बसावंच लागतं. सलूनच्या खुर्चीत थोडा वेळ झाला की त्यांचे पाय वळवळायला लागत. मग गळ्यातलं कापड तसंच ठेवून ते उठत आणि रस्त्यावर एक फेरी मारून येत. एकदा अर्धं डोकं कापलेलं, अर्धं तसंच, अशा अवतारात ते मला बाजारात भेटले. मी हसू दाबत नमस्कार केला. त्यांनीही गंभीरपणे नमस्कार केला आणि म्हणाले, "उरलेलं राहिलंय अजून."

एकदा त्यांच्याबरोबर एसटीने गणपतीपुळ्याला गेले होते. प्रत्येक थांब्यावर ते उतरत, गाडीला मागून पुढून न्याहाळत आणि घंटी झाली की चढत. शेवटी कंडक्टर म्हणाला, "काका, तिकीट बसायचं काढलंयत की उतरायचं?" सगळी गाडी हसली. काकू खिडकीबाहेर बघत राहिल्या. ही काकूंची नेहमीची युक्ती होती. नवरा फिरायला लागला की त्या दुसरीकडे बघत.

अशा माणसाचा जीव अडकला होता शेवळांत.

मला तोवर शेवळं म्हणजे काय तेही ठाऊक नव्हतं. पावसाळ्याच्या तोंडाशी सड्यावर, म्हणजे वरच्या खडकाळ पठारावर, कातळाच्या कडेच्या मातीतून, झुडपांच्या आडोशाने जमिनीतून सरळ एक कोंब वर येतो. पान नाही, काही नाही, नुसता दांडा आणि त्याच्या टोकाला मिटलेल्या छत्रीसारखी कळी. खाली मातीत त्याचा कंद असतो, सुरणाच्या जातीतला. कळी मिटलेली आहे तोवर तिची भाजी करतात. उमलली की आतून काळपट जांभळा दांडा बाहेर येतो, त्याला कुजक्या मांसासारखी घाण सुटते आणि माश्या घोंगावतात. पण मिटलेलं असतानाही ते साधं नाही. नीट साफ केलं नाही, त्यात काकड नावाच्या झाडाची आंबट फळं वाटून घातली नाहीत, तर घशात अशी खाज सुटते की माणूस पाणी पिऊन पिऊन बेजार होतो.

मी राहायला आले त्याच आठवड्यात ते पिशवी भरून शेवळं घेऊन आले. बाजारात बायका विकायला बसत, पण त्यांच्याकडून ते घेत नसत. "कधी काढलीत कोणाला ठाऊक," म्हणत. हातांना खोबरेल तेल चोपडून त्यांनी एकेक शेवळ सोललं, उभं चिरलं, खालचा पिवळा दाणेदार भाग काढून लांब फेकला. उरलेलं बारीक चिरून तेलात काळपट होईस्तोवर परतलं. मग काकडाचा रस, सोडे, खोबऱ्याचं वाटण. खिम्यासारखा वास सुटला. काकूंनी पानं मांडली. आम्ही दोघी पाटावर बसलो. भात वाढून झाला आणि काकू हात मांडीवर ठेवून स्वस्थ राहिल्या.

बोटवाल्यांनी चमचाभर भाजी तोंडात टाकली, नीट चावून गिळली आणि ते मागच्या दाराने बाहेर पडले.

"कुठे गेले?" मी विचारलं.

"चालायला. घसा धरतो का बघायला. तोवर आपण हात लावायचा नाही."

ते विहिरीवरून, फणसाखालून, घराला वळसा घालून पुढच्या अंगणात यायचे, पुन्हा मागे जायचे. स्वयंपाकघराच्या दारावरून जाताना आत नजर टाकायचे आणि थांबायचे नाहीत. भात निवत चालला. माझी नजर त्यांच्यामागे फिरत राहिली. मला वाटलं, आता हे कधीच थांबणार नाहीत, आम्ही दोघी इथेच बसून म्हाताऱ्या होणार. शेवटी ते दारात आले, दोन बोटांनी गळा चाचपला आणि म्हणाले, "वाढ."

भाजी अप्रतिम होती. मी तसं म्हटलंही. त्यांनी ऐकलं की नाही, कोण जाणे. ते माझ्या गळ्याकडे बघत होते.

पुढे त्या घराची मला सवय झाली. सवय म्हणजे मलाही बसवेना झालं. वह्या तपासताना मी खोलीत फेऱ्या मारू लागले. शाळेत मोठ्या बाई म्हणाल्या, "अहो, वर्गात एका जागी उभ्या राहा ना, मुलींच्या माना दुखतात."

याच मोठ्या बाईंना एकदा वाटलं की परदेश पाहिलेला माणूस माझ्या घरमालकांच्या रूपाने आयता आहे, तर मुलींसमोर त्याचं अनुभवकथन ठेवावं. मी परोपरीने त्यांना परावृत्त केलं, पण त्यांनी आमंत्रण धाडलंच. बोटवाले पांढरी पँट घालून आले. व्यासपीठावर खुर्ची होती, हार होता. हार घालून घेतला आणि ते व्यासपीठावरून उतरले. बाकांच्या मधून बोलत चालत निघाले, मागच्या दाराने बाहेर पडले, व्हरांड्यातूनही त्यांचा आवाज येतच होता, आणि पुढच्या दाराने पुन्हा आत आले. सगळ्या वर्गाच्या माना त्यांच्यामागे वळत. बोलले काय, तर शेवळं. ती कुठे उगवतात, कशी ओळखावी, रानातल्या कुठल्या कंदाशी घोटाळा होतो, काकडं मिळाली नाहीत तर काय करावं. "काय करावं?" असं त्यांनी स्वतःच मोठ्याने विचारलं आणि स्वतःच म्हणाले, "करू नये. भाजीच करू नये."

शेवटी एका धीट मुलीने हात वर केला. "काका, सिंगापूर कसं आहे?"

ते क्षणभर थबकले. "चांगलं आहे. तिथं शेवळं मिळत नाय."

मोठ्या बाईंनी आभार मानायच्या आत ते फाटकाबाहेर गेले होते.

सड्यावरून काही कंद आणून त्यांनी न्हाणीघराच्या मागे लावले होते. पहिली दोन वर्षं काहीच वर आलं नाही. तिसऱ्या वर्षी आम्ही सगळेच विसरलो आणि ती नेमकी उमलली. शेजाऱ्यांना वाटलं, उंदीर मेला. त्यांनी माळा उपसला, फळ्या उचकल्या, मग भांडायला आमच्याकडे आले. बोटवाल्यांनी त्यांना हाताला धरून न्हाणीघरामागे नेलं आणि ते जांभळं प्रकरण दाखवलं. लहान मूल दाखवावं तशा कौतुकाने. शेजारी नाकाला पंचा लावून उभे. "केवढं झालंय बघा," बोटवाले म्हणाले. त्या फुलासमोर ते जितका वेळ उभे राहिले तितका वेळ मी त्यांना एका जागी कधी पाहिलं नव्हतं.

त्यांचा मुलगा मुंबईला एका कंपनीत होता. मे महिन्यात आणि गणपतीला यायचा. शांत, नीटनेटका, माझ्याशीही अदबीने बोलणारा. पण जेवायला बसला की आधी आईकडे बघायचा. बापाने मासे केले असले तर भात आणि सोलकढी घ्यायचा, म्हणायचा, "पोट भरलंय." शेवळांचे दिवस यायच्या आत तो निघून गेलेला असे. तो "पोट भरलंय" म्हणाला की बोटवाले चपला शोधू लागत.

एका दुपारी मागच्या पडवीत काकू फणसाच्या आठळ्या सोलत होत्या आणि मी त्यांना मदत करत होते. मी विचारलंच.

"तो लहान होता," काकू म्हणाल्या, "सहा-सात वर्षांचा. हे खूप दिवसांनी रजेवर आले होते. पोर ह्यांना ओळखत नव्हतं धड. जवळ जायचं नाही, माझ्या पदराआड लपायचं. ह्यांना वाटलं, काहीतरी खास करून घालावं. शेवळं आणली. काकडं काही मिळाली नाहीत त्या वर्षी. म्हणाले, चिंचेवर भागेल. आणि पहिला घास त्याला भरवला. लाडाने."

त्यांनी आणखी एक आठळी सोलून बाजूला टाकली.

"ओठ सुजले, जीभ सुजली, लाळ गळायला लागली. श्वास घेता येईना. ह्यांनी उचललं आणि धावत सुटले दवाखान्यात. वाचलं पोर. दुसऱ्या दिवशी जरा बोलता यायला लागलं तर मला विचारतं, 'आई, ते परत कधी जाणार बोटीवर?' हे दारातच उभे होते. रजा संपायची होती अजून. पण गेले."

"म्हणून बसत नाहीत ते?" मी विचारलं.

"छे गो! ते आधीपासूनच तसे. लग्नात भटजींनी दोनदा खाली बसवलं होतं."

"मग दरवर्षी शेवळं करतात कशाला?"

"मीही तेच विचारते. म्हणतात, एकदा नीट झाली पाहिजेत."

"दरवर्षी नीटच तर होतात."

"आपल्या लेखी," काकू म्हणाल्या.

त्यानंतर मी त्या घरात होते तोवरच मुलाचं लग्न झालं. सून पनवेलकडची, हसरी, आवाज मोठा. लग्न मेअखेरीस झालं, मग पूजेसाठी दोघं इकडे आली. मुलाला लगेच परत जायचं होतं, पण पूजेला मुहूर्त चार दिवस पुढचा निघाला आणि त्याचा नाइलाज झाला. तोवर पावसाच्या दोन सरी पडून गेल्या होत्या. बोटवाले त्या दिवसांत सड्याकडे फिरकले नाहीत. नुसते अंगणात फिरत होते, फणसाच्या मुळाशी जाऊन परत येत होते.

पूजा झाली, दुसऱ्या दिवशी दोघं गणपतीपुळ्याला दर्शनाला गेली. परत आली ती सून पुढे, नव्या साडीचा पदर ओंजळीसारखा धरलेला, आणि नवरा बराच मागे.

"बाबा, बघा काय मिळालं! गाडी पंक्चर झाली ना सड्यावर, तर तिथे रस्त्याच्या कडेलाच!"

पदरात शेवळं होती.

बोटवाल्यांनी ती बघितली आणि मग मुलाकडे बघितलं. मुलगा नळावर पाय धूत होता. मान वर न करता तो बायकोला म्हणाला, "बाहेर टाकून दे ते."

"का म्हणून? तुम्हाला आवडत नाहीत तर तुम्ही खाऊ नका." तिला त्यापलीकडे काही माहीत नव्हतं, हे उघड होतं. ती सासऱ्यांकडे वळली. "काकडं आहेत का हो घरात?"

"आहेत," बोटवाले इतक्या हळू म्हणाले की तिला पुन्हा विचारावं लागलं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. सकाळपासून स्वयंपाकघर त्या दोघांच्या ताब्यात. "आमच्याकडे नारळाचं दूध घालतात," सून सांगत होती. "बाबा, एका जागी उभे राहा ना, विळी लागेल." ते उभे राहत, पुन्हा चालू पडत. काकू देवापाशी उगाच फुलं सारखी करत बसल्या होत्या. मुलगा पडवीत पाठ करून बंदराकडे बघत होता. मला त्यांनी जेवायला बोलावलं होतं आणि मला वाटत होतं, नसतं बोलावलं तर बरं.

पानं मांडली. सगळे बसले. बोटवाल्यांनी चमचा तोंडात घातला आणि ते मागच्या दाराने बाहेर पडले.

"आता कुठे निघाले बाबा?"

"थांब जरा," काकू म्हणाल्या. "ते येईपर्यंत खायचं नाही. घसा बघतात."

सून हसली. "एवढंच ना?" म्हणाली आणि तिने पानातली भाजी उचलून तोंडात टाकली.

मुलगा ताडकन उठला. पाण्याचा तांब्या कलंडला. "थुंक! आधी थुंक ते!"

ती घाबरून गिळून बसली.

बोटवाले दारात आले होते. मुलगा त्यांच्याकडे वळला. "तिला काही झालं ना..."

"काय नाय होणार."

"तेव्हाही हेच म्हणाला होतात."

काकूंनी पदर तोंडाशी नेला. बोटवाले चौकट धरून उभे राहिले. "होय," ते म्हणाले. "म्हणालो होतो. घालायला नको होतं तुझ्या तोंडात. तू जवळ येत नव्हतास. मला दुसरं काय येत होतं?"

"दवाखान्यात मी आईला काय विचारलं, ते ऐकलं होतंत ना तुम्ही?"

"ऐकलं होतं."

"मग गेलात कशाला?"

बोटवाल्यांना ते कळलंच नाही.

"मी एवढासा होतो," मुलगा म्हणाला. "बोललो असेन काहीतरी. ते खरं धरून तुम्ही निघून गेलात. मी घरी आलो तर तुमची ट्रंकसुद्धा नव्हती."

कलंडलेल्या तांब्यातलं पाणी पाटाखाली गेलं होतं आणि माझी साडी भिजत होती, पण मला हलवेना. सून एकदा याच्याकडे, एकदा त्यांच्याकडे बघत होती. मग तिने गळ्याला हात लावला आणि बारीक आवाजात म्हणाली, "माझा घसा अगदी बरा आहे हं. कोणाला काळजी असली तर."

काकूंना हसू आलं आणि त्याच्याच पाठोपाठ रडू.

मुलगा खाली बसला. भाजीची वाटी त्याने पानाबाहेर सरकवली. काकूंनी गडबडीने वरण वाढलं. त्याने भात कालवला, पण घास काही तोंडाकडे जाईना. बोटवाल्यांची नजर चपलांकडे गेली, हे मी पाहिलं. तेवढ्यात मुलगा पानाकडेच बघत म्हणाला, "अंडी आहेत का घरात?"

"दोन असतील," काकू म्हणाल्या.

"आमलेट येतं का तुम्हाला?"

हे त्याने बापाला विचारलं होतं. सगळी हयात बोटींच्या भटारखान्यात काढलेल्या माणसाला. मला वाटलं, आता भडकणार. पण ते म्हणाले, "येतं. कांदा चालेल?"

"चालेल."

त्यांनी कांदा इतका बारीक चिरला की चिरण्याचा आवाज येईना. तवा तापला, अंडी फेटली गेली. कोणी कोणाकडे बघत नव्हतं, सगळे तव्याकडे बघत होते. आमलेट ताटात पडलं. मुलाने पहिला तुकडा मोडला आणि खाल्ला. मग दुसरा. सावकाश, सगळं संपवलं. बोटवाले दोन बोटांनी स्वतःचाच गळा चाचपत उभे होते. मग तव्याला चिकटून राहिलेला एक कडेचा तुकडा त्यांनी उचलून तोंडात टाकला आणि त्यांचा चेहरा पडला.

"मीठच घातलं नाय मी," ते म्हणाले.

"हो का?" मुलगा म्हणाला. "मला वाटलं, बोटीवर असंच करतात."

सून फस्सकन हसली. बोटवाल्यांनी दोन्ही टरफलं उचलून बघितली, जणू त्यांत काही उरलं असेल. "थांब, दुसरं करतो," म्हणाले. आणि अंडी संपली आहेत हे लक्षात येताच चपला न घालताच अंगणात उतरले. पावसाची सर जोरात आली होती. बेडं उघडंच टाकून ते उतारावरून दुकानाकडे निघालेसुद्धा.

मुलगा तसाच उष्ट्या हाताने पडवीत आला. "अहो बाबा," त्याने हाक मारली, "छत्री तरी घ्या!"

पावसात त्यांना ते ऐकू गेलं नाही. मग तोच कोपऱ्यातली छत्री घेऊन त्यांच्यामागे धावला.